चार बोटे पाऊस आणि हाटेबाईंची बेरीज

श्रीमती सुलोचना हाटे यांची आणि माझी पहिली भेट म्हणजे माझी फजिती होती. महाडच्या महाविद्यालयात संगणक विभागाला प्रयोगशाळा सहायक हवा होता. मी नुकतीच पदविका घेतली होती. वीर स्टेशनावर उतरून रिक्षात मांडीला मांडी लावून बसलो आणि गावात पोचेपर्यंत मनातल्या मनात उत्तरांची उजळणी करत राहिलो. मुलाखतीला विभागप्रमुख म्हणून हाटेबाई बसल्या होत्या. माझ्या प्रमाणपत्रांकडे त्यांनी पाहिलेही नाही. म्हणाल्या, "तुम्ही कोणकोणत्या भाषांना नावं ठेवता?"

भाषा म्हणजे संगणकाच्या भाषा. असा प्रश्न मला आजवर कोणी विचारला नव्हता, आणि विषय तर माझ्या आवडीचा! मी सुटलोच. ही भाषा म्हणजे पोरखेळ, ती दुसरी गोगलगाय, तिसरीला तर काही शिस्तच नाही. बाईंनी सगळे शांतपणे ऐकून घेतले आणि विचारले, "यातली वापरून कोणती पाहिलीत?"

एकही नाही. जे खरे होते ते मी सांगितले.

"मग सोमवारी कामावर या. येताना यातली एक थोडी तरी शिकून या. आधी घास घ्यावा, मग नाक मुरडावं."

बाईंच्या षष्ट्यब्दीनिमित्त निघणाऱ्या या अंकासाठी लिहायला बसलो, तेव्हा हा प्रसंग सांगावा, चार गोड आठवणी लिहाव्यात आणि मोकळे व्हावे, असा माझा बेत होता. पण समितीची मंडळी परवानगी घ्यायला गेली तेव्हा बाईंनी अट घातली. "वरच्या कोंडाचं लिहिणार असाल तर काढा अंक. बबनरावांचं नाव गाळणार असाल तर माझंही गाळा." पोलादपूर तालुक्यात, आंबेनळी घाटाच्या बाजूच्या डोंगरात ही वस्ती होती. तिचे खरे नाव छापू नये, अशी तिथल्या लोकांची इच्छा आहे, म्हणून मी नुसते 'वरचा कोंड' म्हणतो; कोंड म्हणजे आमच्याकडची डोंगरातली वाडी. तेव्हा वाचकांनी क्षमा करावी. हा गौरवलेख आहे, पण त्यात दोन माणसे जाणार आहेत.

बाई मूळच्या तुडीलच्या. सावित्रीच्या काठी वाढलेल्या माणसाला पाण्याची भीती वेगळी शिकवावी लागत नाही. तिथल्या त्यांच्या वस्तीतून संगणक शिकायला बाहेर पडलेल्या त्या पहिल्याच. त्याबद्दल त्या स्वतः कधी बोलत नाहीत. बोलण्यासारखे त्यांना त्यात काही वाटत नाही. एका वर्षी महाडात पाणी शिरले तेव्हा स्वतःचे घर तसेच टाकून त्यांनी आम्हाला घेऊन प्रयोगशाळेतली यंत्रे वरच्या मजल्यावर चढवली. घरी परतल्या तर अंथरुणापासून पुस्तकांपर्यंत सारे चिखलात. मी सांत्वन करायला गेलो, तर हातात खराटा घेऊन म्हणाल्या, "जुनी पुस्तकं गेली रे महेश. चला, आता नवी घ्यायला निमित्त झालं." त्यांचे डोळे मात्र सुजलेले होते.

नव्याचे त्यांना वावडे नव्हते, आणि मला नव्याची ॲलर्जी. आमचे भांडण कशावरून, ते संगणकाशी संबंध नसलेल्या वाचकांसाठी एकदा सांगतो. माझ्या लाडक्या जुन्या भाषेत स्वयंपाकघरातल्या प्रत्येक डब्यावर आधी चिठ्ठी लावावी लागते, यात मीठ, यात साखर. मिठाच्या डब्यात साखर ओतायला गेलात तर भाषा तिथल्या तिथे हात धरते. नव्या, लवचीक भाषांत चिठ्ठ्या नाहीत. डबा घ्या, काय हवे ते भरा, काढताना बघून घ्या. काम झटपट होते. पण घाईत चहात मीठ पडले तर ओरडणारे कोणी नसते. मी चिठ्ठ्यांचा माणूस. आता मी औद्योगिक वसाहतीतल्या एका कारखान्यात यंत्रांचे प्रोग्राम लिहितो. तिथे चहात मीठ पडले तर भट्टी उडते. त्यामुळे मी नाकाने कांदे सोलतो, असे बाईंना वाटत असे, आणि ते खोटे नव्हते.

विभागात त्यांचा शिरस्ताच होता. कोणी नवे हत्यार आणले की बाई त्यावर मत देत नसत. एकच जुना छोटा प्रोग्राम त्या नव्या हत्याराने पुन्हा लिहून काढत, आणि मग बोलत. कधी म्हणत, "छान आहे." कधी, "छे, यात दम नाही." पण लिहिल्याशिवाय नाही. आम्हा सहायकांनाही तोच नियम. मी कुरकुरत लिहीत असे. पालथ्या घड्यावर पाणी, असे त्या हसत म्हणत आणि पुन्हा ओतत.

आता पावसाचे. तालुक्याला जोराच्या पावसाचा इशारा मिळतो, पण तो साऱ्या तालुक्याला एकच. आमच्याकडे पाऊस एका खोऱ्यात कोसळतो आणि शेजारच्या खोऱ्यात भुरभुरतो. डोंगर खचण्याच्या बातम्या वाढू लागल्या तेव्हा बाईंनी काही विद्यार्थी आणि आम्ही माजी सहायक असा एक गट केला. प्रत्येक कोंडात एका घरी पाऊस मोजायची प्लॅस्टिकची नळी द्यायची, त्या घराने मोबाइलवरून आकडा धाडायचा, आमच्या प्रोग्रामने बेरीज करायची, आणि बेरीज ठरल्या मर्यादेपलीकडे गेली की कोंडातल्या सगळ्या फोनांवर बाईंच्या आवाजातला निरोप वाजायचा: खाली शाळेत उतरा. प्रोग्राम मी लिहिला होता, अर्थातच चिठ्ठ्यांच्या भाषेत. आकड्याशिवाय काहीही आत यायचे नाही, याचा मला कोण अभिमान!

वरच्या कोंडात नळी होती सुमनताईंकडे. पहिल्याच पावसाळ्यात त्यांच्या रेड्याने ती नळी तुडवली. सुमनताईंनी अंगणात उभट पत्र्याचा डबा ठेवला, साचलेले पाणी बोटांनी मोजले आणि संदेश धाडला, "चार बोटं." माझ्या प्रोग्रामने उत्तर दिले, "अवैध संदेश."

आठवड्याने आम्ही वर गेलो तर सुमनताई पडवीतूनच कडाडल्या, "अवैध म्हंजे काय ओ? मी काय दारू धाडली काय?"

बाई इतक्या हसल्या की त्यांना ठसका लागला. मी आपला समजावतोय, ताई, चुकीचा संदेश घेता येत नाही. बाई एकदम गंभीर झाल्या. म्हणाल्या, "चुकीचा नाही रे. आपल्याला न कळलेला." उभट डब्यातल्या पाण्याची उंची म्हणजेच पाऊस, हे त्यांनी मला तिथेच पटवून दिले आणि पट्टी काढून सुमनताईंची बोटे मोजून घेतली.

दुरुस्ती करायला मला घरी जाऊन बसावे लागले असते. माझ्या प्रोग्रामचा एक खिळा हलवायचा तर सगळे छप्पर उतरवावे लागे. बाईंनी मात्र तोवर एक लवचीक भाषा शिकून घेतली होती. कोणती, ते लिहीत नाही, नाहीतर या अंकातच हाणामारी होईल. पडवीत लॅपटॉप मांडीवर घेऊन, सुमनताईंना शेजारी बसवून, त्यांनी नवा प्रोग्राम तिथल्या तिथे रचला. आजूबाजूला बायका जमल्या.

"बाई, 'कालच्यावानी' लिवलं तर चालंल काय?"

"चालेल."

"आनि 'डबा भरला'?"

"तेही चालेल. डबा केवढा ते एकदा सांगा."

सुमनताईंचे दीर बबनराव मुंबईला नोकरी करून परतलेले. ते खांबाला टेकून बघत होते. म्हणाले, "ह्ये सिस्टीम भारी हाय. मानसाचं ऐकतंय." मला ते झोंबले.

दोन पावसाळे सगळे नीट चालले. तिसऱ्यात सुमनताई एक दिवस पोलादपूरला दवाखान्यात गेल्या होत्या. पाऊस भुरभुरच होता. डब्याशेजारी आता नवी नळीही होती. ती पाहून बबनरावांनी सकाळचा आणि दुपारचा आकडा एकाच संदेशात धाडला: बारा आणि आठ. संदेश अगदी बरोबर. असे दोन आकडे एकत्र आजवर कोणी धाडले नव्हते. प्रोग्रामने त्यांना आकडे न मानता नुसती अक्षरे मानले, आणि बेरीज करण्याऐवजी एकाला एक चिकटवले. वीस व्हायचे ते एकशे अठ्ठावीस झाले. बाईंचा आवाज कोंडातल्या प्रत्येक फोनवर वाजला.

लोक उतरले. बाईंवर विश्वास होता म्हणूनच उतरले. बबनरावांचे वडील, ज्यांना सगळे आबा म्हणत, पायवाटेच्या शेवाळावरून घसरले. त्यांना शाळेपर्यंत आणले तेव्हा काही उरले नव्हते. डोंगर जागच्या जागी उभा होता आणि संध्याकाळी तर ऊनही पडले.

चिठ्ठ्यांच्या भाषेत ही चूक झाली नसती. मी इतकी वर्षे हेच ओरडत होतो. ज्या दिवशी मी खरा ठरलो, त्या दिवशी मला जेवण गेले नाही.

दिवसकार्याला बाई वर गेल्या. त्यांनी जाऊ नये, असे आम्हा सगळ्यांचे मत होते; लोक अंगावर धावून येतील, काय वाट्टेल ते बोलतील. त्या अंगणात उभ्या राहिल्या आणि सगळ्यांदेखत म्हणाल्या, "बबनरावांनी बरोबर लिहिलं होतं. पाऊसही बरोबर मोजला होता. बेरीज माझी चुकली. मी तपासायला हवं होतं, तपासलं नाही." मशीन, तांत्रिक अडचण, असला एकही शब्द त्यांनी वापरला नाही. कोणी धावून आले नाही. बबनराव एवढेच म्हणाले, "आता तुमचा फोन आला तरी मी उतरनार नाय." सुमनताईंनी आत जाऊन नळी आणली आणि बाईंच्या पायाशी ठेवली.

परतताना मी जीप चालवत होतो. न राहवून म्हणालो, "बाई, आता तरी ती भाषा सोडा."

त्यांनी मांडीवरची नळी पिशवीत घातली. मग म्हणाल्या, "तुझ्या भाषेत गेले तर सुमनताईंची बोटं परत बाहेर पडतील. मला राग भाषेचा येत नाही रे, माझा येतोय. नवं आवडलं म्हणून मी त्याचे लाड केले. आता त्याला शिस्त लावायची. आणि ते काम तू करायचंस. तुला ती आवडत नाही ना, मग तुझ्याइतकं तिला दुसरं कोण मोडेल?"

तो अख्खा हिवाळा मी दर रविवारी त्यांच्या घरी बसून तो प्रोग्राम मोडायचा प्रयत्न केला. कोंडाकोंडांतून आलेला प्रत्येक संदेश आम्ही त्याला परत खाऊ घातला. लवचीक भाषेवरही हव्या तिथे चिठ्ठ्या लावून देणारे एक नवे साधन निघाले होते. ते बाई आपल्याच एका विद्यार्थिनीकडून शिकल्या, वही घेऊन, तिला 'अहो' म्हणत. सांगितल्याबरोबर प्रोग्राम लिहून देणारी जी यंत्रे अलीकडे आली आहेत, त्यांनाही त्यांनी हेच काम घालून पाहिले. मी म्हटले, हे आता अतीच झाले. पण त्या यंत्राने आमच्या दोघांच्या नजरेतून सुटलेली एक फट दाखवली. आणि लगेच पुढच्याच उत्तरात बोटांचे संदेश निरर्थक म्हणून गाळून टाकले. "म्हणजे तुझ्यासारखंच आहे," बाई म्हणाल्या. त्या घटनेनंतर त्या हसल्याचे मी पहिल्यांदा पाहिले.

एक गोष्ट त्यांनी कायमची बदलली. निरोप आपोआप जाणे बंद केले. बेरीज वर गेली की बाई स्वतः फोन करणार, आधी वर काय दिसते, जमिनीला भेगा पडल्यात का, झऱ्याच्या पाण्यात माती येते का, ते विचारणार आणि मग सांगणार. पण फोन उचलणार कोण? वरच्या कोंडात कोणी उचलत नव्हते. तरी बाई अधूनमधून जात राहिल्या. समजूत घालायला नव्हे. नुसत्या बसायच्या, पाणी प्यायच्या, परत यायच्या. पुढच्या पावसाळ्याच्या तोंडाशी एकदा सुमनताई म्हणाल्या, "तो डबा मी ठेवलाय अंगनात. धाडीन. पन नळी नको."

त्याच पावसाळ्यात एका दुपारी त्यांचा संदेश आला: "डबा भरला, वतला, परत सहा बोटं." बेरीज मर्यादेच्या पार गेली. माझ्या जुन्या प्रोग्रामने हा संदेश अवैध म्हणून फेकून दिला असता, आणि पुढे जे झाले ते कोणाला सांगायला कोंडात कोणी उरले नसते. हे मी कारखान्यात, बैठकीत, जिथे भाषेवरून वाद होतो तिथे सांगतो. बाईंनी आधी मला हाताने बेरीज करायला लावली, मग सुमनताईंना फोन केला. मी शेजारी होतो.

"बाई, बेरीज नीट केलीत ना?"

"केली. महेशनं वेगळी केली. दोन्ही एकच आल्या. वर काय दिसतंय, सुमनताई?"

"झऱ्याचं पानी लाल झालंय."

"उतरा."

"उतरतो."

आम्ही शाळेत पोचलो तोवर कोंड खाली आला होता. बबनरावांच्या पत्नी दोन्ही मुलांना धरून उभ्या होत्या. बबनराव नव्हते. बाईंनी त्यांना फोन लावला आणि त्यांनी तो उचलला. तो संवाद मी ऐकला आहे. बाईंच्या अटीमुळे लिहितो आहे.

"बबनराव, उतरा."

"बाई, तवा माझं बरोबर व्हतं, तुमचं चुकलं, आनि बापूस माझा गेला. आता तुमचं बरोबर हाय ह्ये मी कशावरनं धरू?"

"धरू नका. माझ्यावर विश्वास ठेवू नका. पण उतरा. मी हात जोडते तुम्हाला."

"पोरं खाली हायत ना? मंग झालं." फोन बंद झाला.

डोंगर आला तो आवाज शाळेत ऐकू आला. त्याबद्दल मी लिहिणार नाही. कोंडातली बाकी सगळी माणसे वाचली. बबनराव वाचले नाहीत.

पुढे आमच्या गटाच्या बैठकीत काहीजण म्हणाले, ती भाषाच नको, जुन्यात परत लिहा, आणि साऱ्यांनी माझ्याकडे पाहिले. मी नाही म्हणालो. आयुष्यभर ज्या भाषेला नावे ठेवली तिची बाजू मी घेतली, कारण तिचे उणेपण आणि तिचे मोठेपण मी दोन्ही जवळून पाहिले होते, आणि आपल्या भाषेचेही. आपलेच दात, आपलेच ओठ. त्या बैठकीनंतर बाई फार थकलेल्या दिसू लागल्या. अजून नवे काही आले की घास घेतात, पण पूर्वीची मजा त्यांच्या तोंडावर दिसत नाही. कामातून मोकळे करा, दुसऱ्या कोणाच्या आवाजात फोन जाऊ द्या, असे त्यांनी यंदा आम्हाला दोनदा सांगितले. सत्काराला तर त्या तयारच नव्हत्या. "माझ्या बेरजेत दोन माणसं गेली आणि तुम्ही मला शाल घालता?"

आमंत्रण द्यायला मी कोंडातल्या लोकांकडे गेलो. ते आता खाली पत्र्याच्या शेडांत राहतात, दुसऱ्या एका डोंगराच्या पायथ्याशी. पक्की घरे अजून झालेली नाहीत. सुमनताईंनी सरळ सांगितले, "दुसऱ्या कोनाचा फोन आला तर आमी नाय हलनार. बाईंचा आला तर हलू. त्या चुकल्या तर चुकले म्हनतात." बबनरावांच्या पत्नींकडे मी सगळ्यात शेवटी गेलो. हाटेबाईंशी त्या आजवर एकदाही बोललेल्या नाहीत. त्यांनी मला बसायला दिले, पत्रिका वाचली आणि म्हणाल्या, "येईन. पन हार घालनार नाय."

मी म्हटले, नका घालू. उठलो, तेव्हा त्यांनी मला दारात थांबवले आणि बाईंसाठी एक निरोप दिला.

अंकाच्या शेवटी अभीष्टचिंतन लिहायची रीत आहे. उदंड आयुष्य, निरामय आरोग्य हे शब्द मी लिहिले आणि खोडले. बाई, तुम्हाला विश्रांती हवी आहे हे आम्हाला दिसते, आणि ती आम्ही देऊ शकत नाही. माझ्यापाशी फक्त त्या माउलीचा निरोप आहे. तो मी जसा ऐकला तसा तुमच्या हाती देतो:

"त्यांना म्हनावं, जगा. माझी पोरं अजून डोंगराखालीच निजतात."